मागे घेतलेला अर्ज

१

फाईल होती. फाईलवर नाव होतं : ‘कै. कोंडिराम हिवराळे, चौकीदार. अनुकंपा नियुक्ती.’ आत मात्र अर्ज नव्हता. अर्जाच्या जागी भलताच एक कागद लेसमध्ये ओवलेला होता, आणि तो आशाबाई वैतींनी दोनदा वाचला.

‘मुलीने नोकरी करावी अशी माझी इच्छा नाही. सबब माझा अर्ज मी मागे घेत आहे.’ खाली सही : वैजयंता कोंडिराम हिवराळे. तारीख १२ डिसेंबर १९९०. वर ऑफिसचा आवक शिक्का, त्याच तारखेचा.

भाईंदर पूर्वेच्या त्या खाडीबांध उपविभागात आशाबाई आवक-जावक सांभाळत. आलेल्या कागदावर तारखेचा शिक्का मारायचा, नोंदवहीत नंबर घालायचा, की कागद सरकारात आला. अकरा वर्षांपूर्वी नवरा याच ऑफिसात नोकरीवर असताना वारला आणि त्याच्या मागे आशाबाई अनुकंपेवर लागल्या. ‘दयेवरची भरती’ हे शब्द पाठीमागे त्यांनी पुष्कळदा ऐकले. ऐकून त्यांनी एवढंच केलं, की अकरा वर्षांत एक नोंद चुकू दिली नाही. फक्त काल, सोमवारी, सकाळच्या पहिल्याच टपालावर शिक्का उमटला तो १९९० सालचा. त्यांनी जीभ चावली, खोडून पंच्याण्णव केलं, रबराचा पट्टा फिरवला आणि कामाला लागल्या.

प्रकरण असं होतं. गेल्या गुरुवारी ठाण्याहून पत्र आलं : लिपिकाची एक जागा अनुकंपेतून भरायची आहे, प्रलंबित अर्ज आवक नोंदवहीवरून तपासून यादी येत्या शुक्रवारी संध्याकाळपर्यंत पाठवावी. ज्याचा अर्ज आधीचा, त्याला जागा. पत्राच्या दुसऱ्याच दिवशी, शुक्रवारी, आशाबाईंनी जुन्या वह्या उपसल्या आणि एक नोंद सापडताच सगळ्या ऑफिसला ऐकू जाईल अशी वाचली : नंबर ११४७, १७ सप्टेंबर १९९०, हिवराळे. कोंडिराम बांधाच्या दाराच्या फळ्या टाकताना भरतीच्या पाण्यात गेला त्याला तेव्हा दोन महिने झाले होते. मुलगी सज्ञान झाली की तिला नोकरी द्यावी, असा बायकोचा अर्ज. दुसरा अर्ज होता गेल्याच महिन्यातला, शेन बोर्जिसचा. त्याचा बाप खात्याची लाँच चालवायचा, तोही नोकरीत असतानाच वारला होता.

आज, मंगळवारी, मायलेकींना कागदपत्रं घेऊन बोलावलं होतं. संघप्रिया एकोणीस वर्षांची, बारावी पास, टायपिंगची परीक्षा दिलेली, हातात प्लास्टिकच्या पिशवीत सर्टिफिकिटं. वैजयंताबाई बेव्हर्ली पार्कमधली तीन घरची कामं उरकून आलेल्या.

साहेबांनी कागद पुढे केला. साहेबांना या ऑफिसात येऊन जेमतेम दोन महिने झाले होते. ‘‘ही सही तुमची?’’

वैजयंताबाईंनी कागद दोन्ही हातांत धरला. ओठ हलवत, एकेक अक्षर लावत त्यांनी तो संपवला.

‘‘सही माझीच दिसतीय, साहेब. पर ह्यो कागद मी दिला न्हाई.’’

‘‘आई, नीट बघ ना,’’ संघप्रिया म्हणाली.

‘‘बघितली गं. माझीच हाय.’’

आस्थापनेचे लिपिक गुणवंतराव बाजूलाच उभे होते. ‘‘मी पडताळली, साहेब. मागच्या आठवड्यात बाईंनी पेन्शनसाठी हयातीचा दाखला आणला होता तुमच्या सहीला. त्यावरच्या सहीशी तंतोतंत जुळते. अर्ज मागे घेतल्यावर मूळ अर्ज परत दिला असणार. माझ्या आधीची गोष्ट आहे ही.’’

साहेब कावेबाज नव्हते, पण कागदाचे होते. ‘‘मृत्यूपासून पाच वर्षांत अर्ज करावा लागतो. जुलैत मुदत संपली, म्हणजे नवा अर्ज चालणार नाही. शुक्रवारी पाचपर्यंत हा कागद खोटा ठरला तर ठीक. नाहीतर यादीत एकटा शेन जाईल.’’

‘‘मी बघते, साहेब,’’ आशाबाई म्हणाल्या. कुणी विचारलं नव्हतं.

त्या तडक रेकॉर्डच्या खोलीत गेल्या. १२ डिसेंबरला असा कागद आलाच नव्हता हे वहीतून दाखवलं की मिटलं! वही होती. नोव्हेंबर नव्वद ते मार्च एक्क्याण्णव. बाहेरून पुठ्ठा धडधाकट आणि आत वाळवीने केलेला भुगा. वाळवी लागली हे आशाबाई विसरल्या होत्या.

ज्याने कुणी ही तारीख निवडली, तो विसरला नव्हता.

२

‘‘दिराला विचारा,’’ गुणवंतराव म्हणाले होते. ‘‘पोरीच्या लग्नावरून घरात भांडणं आहेत म्हणे.’’

म्हणून बुधवारी दुपारी अर्धी रजा टाकून आशाबाई घोडबंदरच्या बसमध्ये बसल्या. कोंडिरामचा धाकटा भाऊ उदय हायवेला लागून पंक्चरचं दुकान चालवायचा. आशाबाईंनी विषय काढताच त्याने हातातला पाना आपटला.

‘‘भांडण झालं, खोटं कशाला बोलू? स्थळ आणलं होतं मी. चांगला मुलगा होता, कंपनीत पर्मनंट. वहिनी म्हणाली, आधी नोकरी. दोन महिने बोलत नाही आम्ही.’’

‘‘मग नोकरीची आशाच सुटली तर लग्न होईल, असं वाटलं असेल तुम्हाला.’’

‘‘बाई, तो अर्ज लिहिला कोणी? मी! दादा गेला तेव्हा घरात लिहिणारा मी एकटाच. संघप्रिया चौदा वर्षांची, तापाने फणफणलेली. मीच लिहिला, मीच तुमच्या टेबलावर आणून ठेवला. तुम्ही दिलेली पोच खोली बदलताना माझ्याकडूनच हरवली, ते पाप माझं. पण आपल्याच हाताने लिहिलेला अर्ज मागे घ्यायला मला काय कुत्रं चावलंय?’’

आशाबाईंनी खडा टाकून पाहिला. ‘‘ठीक आहे. डिसेंबर नव्वदची वही उघडली की कळेलच कागद कोणी आणला ते.’’

‘‘उघडा की! आत्ता उघडा. मी येतो, थांबा, शर्ट बदलतो.’’ आणि तो खरंच शर्ट शोधायला लागला.

या माणसाला वाळवीचा पत्ताच नव्हता. आशाबाईंनी त्याला कसंबसं थांबवलं. म्हणजे कागद करणारा ऑफिसातला. कुंपणच शेत खात होतं.

परतीच्या बसमध्ये त्यांना एकदम सोमवारचा शिक्का आठवला. तारखेच्या शिक्क्यावर रबराचे तीन पट्टे असतात. दिवसाचा पट्टा त्या रोज सकाळी फिरवत, महिन्याचा एक तारखेला, आणि वर्षाचा जानेवारीत. इतर वेळी वर्षाकडे कुणी बघतसुद्धा नाही. शुक्रवारी संध्याकाळी टेबल आवरलं तेव्हा पट्टा पंच्याण्णववर होता. सोमवारी तो नव्वदवर गेला कसा?

कुणीतरी १२ डिसेंबर १९९० लावून शिक्का मारला, महिना आठवणीने परत नोव्हेंबरवर आणला आणि वर्ष तसंच राहिलं. म्हणजे कागद पाच वर्षांचा नव्हता, पाच दिवसांचा होता. शनिवार महिन्यातला दुसरा, म्हणून सुट्टी, आणि रविवार सुट्टीचाच. राहिली शुक्रवारची संध्याकाळ. आणि ऑफिसला रोज शेवटचं कुलूप लावायचा तो शिपाई गॅब्रियल मुनिस.

गॅब्रियल म्हणजे शेनचा सख्खा मामा.

३

गॅब्रियल उत्तनचा. तीस वर्षांची नोकरी, पांढऱ्या मिशा, गळ्यात क्रूस. आशाबाई जवळच्याच राई गावच्या, त्यामुळे एरवी दोघांचं गावच्या बोलीत छान चालायचं. गुरुवारी सकाळी मात्र आशाबाईंना चहा गोड लागेना.

‘‘शुक्रवारी सांजचा कोण कोण होता रे हापिसान?’’

‘‘सायब ठाण्याला मिटिंगला गेल्ते. गुणवंतभाऊ नं मी.’’ गॅब्रियलने बशी खाली ठेवली. ‘‘बाय, तू काय इचारतंय ते मना कलतंय. शेनचा फायदा हाय, चावी माज्याजवल हाय. कोनीबी माजाच नाव घील.’’

‘‘तू केलास काय?’’

‘‘न्हाय.’’ जरा थांबून तो म्हणाला, ‘‘कोंडिराम न् मी एका ताटान जेवलेले मानसा. तो गेला तवा ऑफिसचं सगलं कागद मीच तिच्या दारान नेऊन दिलं. वाईट कागद पन मीच दिलं.’’

न्हाय म्हणणं सोपं. आशाबाई गुणवंतरावांच्या टेबलाशी गेल्या. गुणवंतराव जून ब्याण्णवला बदलून आलेले. त्यांचं टेबल बघून घ्यावं. लाल शाई वेगळी, निळी वेगळी, रेघा पट्टीने मारलेल्या. दर महिन्याला ठाण्याला जाणारी त्यांची विवरणपत्रं इतर ऑफिसांत नमुना म्हणून फिरत. आत्ताही कार्बन घालून ते मागच्या महिन्यावरून या महिन्याचं उतरवत होते. एकेका रकान्यात सुबक अक्षरात ‘निरंक’. म्हणजे दाखवण्यासारखं काही नाही.

‘‘शुक्रवारी?’’ त्यांनी टोपण लावलं. ‘‘मी साडेपाचला निघालो. गॅब्रियल मागे होता. आशाताई, बोलू नये, पण आपली बहीण विधवा झाली की माणसाची बुद्धी फिरते. मी त्याला दोष देत नाही.’’

बोलणं इतकं समजूतदार होतं की आशाबाईंना ते पटलंच. गॅब्रियलला वाळवीचं ठाऊक होतं, वही त्यानेच उचलून कपाटावर टाकली होती. चावी त्याची, भाचा त्याचा. सगळे धागे एका गाठीत येत होते आणि आशाबाईंना मनापासून वाईट वाटत होतं.

फक्त एक गोष्ट बसत नव्हती. गॅब्रियलला इंग्रजी सही करता येई, मराठी चार ओळी लिहिताना त्याला घाम फुटायचा. वैजयंताबाईंनी स्वतः आपली म्हणावी अशी सही तो काढणार कुठून?

ती सहीच पुन्हा एकदा जवळून बघावी, बाईकडून चार वेळा करून घ्यावी, म्हणून संध्याकाळी आशाबाई जेसल पार्कच्या मागे, हिवराळ्यांच्या खोलीवर गेल्या.

४

दहा बाय बाराची खोली. स्टोव्हवर भाकरी, भिंतीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर, आणि त्यांच्या खाली तितक्याच मानाने फ्रेम केलेला एक कागद.

‘‘चौकीची खोली सोडली तेव्हापासून इथंच,’’ वैजयंताबाई म्हणाल्या. ‘‘बसा. च्या टाकते.’’

आशाबाईंनी पिशवीतून त्या कागदाची झेरॉक्स काढली आणि शेजारी कोरा कागद ठेवला. वैजयंताबाईंनी पेन घट्ट धरून सही केली. एकेक अक्षर सुटं, वर रेघ मारताना श्वास रोखलेला. चारही सह्या एकसारख्या आणि चारही त्या कागदावरच्या सहीसारख्या. आशाबाईंचा धीर सुटत चालला.

‘‘अक्षर छान आहे हो तुमचं.’’

‘‘पोरीनं वळवलंय. मारकुटी मास्तरीण होती.’’ वैजयंताबाई पहिल्यांदाच हसल्या.

‘‘मारलं कधी गं मी?’’ संघप्रिया म्हणाली. ‘‘विहारात साक्षरतेचा वर्ग होता, मॅडम. मी शिकवायचे. आई माझी पहिली विद्यार्थिनी.’’

आशाबाई उठून त्या फ्रेमपाशी गेल्या. नवसाक्षर प्रमाणपत्र. श्रीमती वैजयंता कोंडिराम हिवराळे. मार्च १९९२.

‘‘वैजयंताबाई,’’ त्यांनी अगदी हळू विचारलं, ‘‘या वर्गाच्या आधी तुम्ही सही कशी करत होता?’’

‘‘सही कुठली? अंगठा. अर्जावर बी अंगठाच होता माझा, भाऊजींनी धरून लावलेला.’’

काखेत कळसा आणि गावाला वळसा! आशाबाईंनी फ्रेममधली तारीख पुन्हा वाचली. तीन दिवस सगळे सही खरी की खोटी ते बघत होते. सही हुबेहूब होती, आणि हुबेहूब होती म्हणूनच ती खोटी होती. डिसेंबर नव्वदमध्ये या बाईला सहीच येत नव्हती. तो अर्ज खुद्द आशाबाईंच्या हातून गेला होता, पण त्यांनी वरचा शिक्का बघितला होता, खालचा अंगठा नाही.

‘‘मंगळवारी का नाही बोललात?’’

‘‘साहेबांनी ‘सही तुमची का’ इचारलं. माझ्यावाणीच होती, मी हो म्हनलं. तारखेचं मला कुठं उमगतंय झटक्यात? आन् चार मानसांत ‘मी अंगठेबहाद्दर हुते’ असं सांगायची लाज वाटली, बाई.’’

संघप्रियाने आईच्या हातातलं पेन काढून घेतलं आणि तो हात तसाच धरून ठेवला. तिचे डोळे भरून आले होते.

पण शुक्रवार उद्यावर होता. प्रमाणपत्र सांगतं बाई ब्याण्णवला शिकली. ‘आधीपासून सही येत असेल’ म्हणायला ठाण्याच्या साहेबाचं काय जातं? नव्वद सालचा अंगठा हवा होता, सरकारी कागदावरचा. अर्ज गायब. वही वाळवीच्या पोटात. मग आशाबाईंना गॅब्रियलचं वाक्य आठवलं. सगळे कागद मीच तिच्या दारात नेऊन दिले. शिपाई कागद देतो तेव्हा घेणाऱ्याची सही पोचवहीत घेतो, आणि जुन्या पोचवह्या गॅब्रियल घरी नेऊन ठेवतो, वाळवीच्या भीतीने.

म्हणजे या मुलीची नोकरी आता त्याच माणसाच्या पेटीत होती, ज्याच्या भाच्याला ती नोकरी मिळायची होती. आशाबाईंनी त्याच पावली उत्तन गाठलं आणि गॅब्रियलला सगळं सांगितलं, काही न लपवता.

 दारात त्याची बहीण सेलेस्टिन, शेनची आई, उभी होती, काळ्या कपड्यांत.

‘‘बघतू,’’ एवढंच तो म्हणाला.

५

शुक्रवारी अकरा वाजले तरी गॅब्रियल आला नाही. साडेअकराला साहेबांनी शेनच्या एकट्याच्या नावाची यादी टाईप करायला सांगितली. गुणवंतरावांनी कागदांत कार्बन घातला.

बाराला गॅब्रियल आला. काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेली पोचवही होती. ती त्याने कुणाकडे न बघता साहेबांच्या टेबलावर ठेवली आणि खूण घातलेलं पान उघडलं.

१४ डिसेंबर १९९०. श्रीमती हिवराळे यांस, चौकीची खोली रिकामी करण्याची नोटीस. ‘घेणाऱ्याची सही’ या रकान्यात जांभळ्या शाईचा एक अंगठा, आणि त्याखाली गॅब्रियलच्या वाकड्या अक्षरात : वैजयंताबायचा अंगठा.

‘‘साहेब,’’ आशाबाई म्हणाल्या, ‘‘बारा तारखेला अशी सुरेख सही करणारी बाई चौदा तारखेला अंगठा का लावेल? आणि हे सोमवारचं टपाल. त्यावर मारलेला नव्वदचा शिक्का मीच खोडलाय. शुक्रवारी संध्याकाळी माझा शिक्का कुणीतरी डिसेंबर नव्वदवर नेला होता.’’

साहेबांनी दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले. ‘‘कोणी?’’

‘‘ज्याला वही वाळवीने खाल्ली हे माहीत होतं. म्हणजे आपल्यातला. आणि ज्याला बाई पूर्वी अंगठा लावत होती हे माहीत नव्हतं. गॅब्रियलने हा अंगठा स्वतः घेतला, तो असा कागद करताना सही घालताच ना. अर्ज ज्याने एकदा जरी नीट वाचला असता त्यालाही कळलं असतं. म्हणजे ज्याने अर्ज कधी पाहिला नाही, ज्याने बाईला सही करतानाच पाहिलं, ज्याच्याकडे बाईचा हयातीचा दाखला होता आणि जो बाई सही शिकल्यानंतर इथे आला. तुम्ही त्या संध्याकाळी ठाण्याला होता.’’

टाईपरायटर केव्हाच थांबला होता. गुणवंतराव उभे राहिले. त्यांनी खिशातून रुमाल काढला आणि परत ठेवला.

‘‘मला शेनचं काही नव्हतं, साहेब. कुणाकडून चहासुद्धा घेतला नाही मी.’’

‘‘मग का?’’

‘‘चार्ज घेतला तेव्हा फाईलचं नुसतं कव्हर होतं. ऑफिस हलवताना अर्ज कुठेतरी पडला असेल. माझ्या आधीचा लिपिक दर महिन्याला प्रलंबित अनुकंपा अर्ज निरंक लिहायचा. मी पण लिहिलं. मग दर महिन्याला मागच्यावरून उतरवत गेलो. चाळीस महिने. गेल्या शुक्रवारी आशाताईंनी नोंद वाचली आणि...’’ त्यांनी टाईपरायटरमधला कागद सरळ केला. ‘‘चाळीस विवरणपत्रं खोटी ठरली असती, साहेब. माझा कागद कधी चुकलेला नाही.’’

आशाबाई तीन दिवस लोभ शोधत होत्या. कुणाला नोकरी हवी होती, कुणाला लग्न हवं होतं, कुणाला भाच्याचं भलं. आणि हा माणूस एका मुलीचं आयुष्य पुसायला निघाला होता ते एका शब्दासाठी! 

‘‘तुमचा कागद नाही चुकला, गुणवंतराव,’’ त्या म्हणाल्या. ‘‘पाच वर्षं एक बाई दुसऱ्यांची भांडी घासत पोरीला टायपिंग शिकवत होती. आणि तुम्ही दर महिन्याला सरकारला कळवत होता, की ती नाहीच.’’

यादी आशाबाईंनी स्वतः टाईप केली, दोन बोटांनी. एक, कु. संघप्रिया कोंडिराम हिवराळे. दोन, श्री. शेन बोर्जिस. साहेबांनी पोचवहीचं पान प्रमाणित करून सोबत जोडलं, आणि साडेतीनला गॅब्रियल यादी घेऊन ठाण्याला निघाला.

‘‘सेलेस्टिन काय म्हणाली?’’ आशाबाईंनी दारात विचारलं.

‘‘रातभर रडली. मंग सकालची तीच म्हनाली, ‘ने ती वही. कोंडिरामच्या मयताला माजा नवराच लाँच घेऊन गेलता.’’’ त्याने छत्रीसारखी यादी काखेत मारली. ‘‘शेन थांबंल. पोर हाय अजून.’’

गुणवंतरावांची चौकशी लागली आणि ठाण्याला बदली झाली. जानेवारीत संघप्रिया रुजू झाली. तिला आस्थापनेचंच टेबल मिळालं, लाल शाई वेगळी, निळी वेगळी. महिनाअखेरीला विवरणपत्राचा कोरा नमुना पुढे आला तेव्हा साहेब म्हणाले, मागच्यावरून उतरव, म्हणजे लवकर होईल.

संघप्रियाने मागचं बाजूला ठेवलं. आशाबाईंकडून आवक नोंदवही मागून आणली आणि पहिल्या पानापासून बघत बसली. अर्धा दिवस गेला. मग ‘प्रलंबित अनुकंपा अर्ज’ या रकान्यात तिने लिहिलं : एक. शेन बोर्जिस, मु. उत्तन.

आशाबाईंनी त्यावर जावक नंबर घातला. शिक्का मारण्याआधी वर्षाचा पट्टा बघितला, तो शहाण्णववर होता. मग त्यांनी गॅब्रियलला हाक मारली. त्याने कागद घेतला, तो रकाना दोनदा वाचला, आणि पोचवही उघडून पाठवणाऱ्याच्या सहीसाठी संघप्रियापुढे धरली.